राजकीय तत्त्वज्ञान वाचायला घेताना: एक प्रश्न धरा आणि त्याच्या मागे चालत जा

राजकीय तत्त्वज्ञान वाचायचं मनात आलं की बहुतेक जण आधी यादी शोधतात. यादीत सगळ्यात वर प्लेटोचं ‘रिपब्लिक’ असतं, खाली ॲरिस्टॉटल, हॉब्ज, लॉक, रूसो, मिल, मार्क्स आणि शेवटी रॉल्स. मग माणूस उत्साहाने ‘रिपब्लिक’ आणतो. पहिला भाग झपाट्याने होतो. पुढे आदर्श नगरात कवींना कोणत्या गोष्टी सांगू द्यायच्या आणि कोणत्या नाही, याची लांबलचक चर्चा लागते आणि पुस्तक कपाटात जातं. माझं दोनदा असंच झालं.

गेली सहा वर्षं आम्ही सात-आठ जण वाचनालयाच्या मागच्या खोलीत पंधरवड्यातून एकदा एकत्र बसून ही पुस्तकं वाचतो. आमच्यात एक निवृत्त तलाठी आहेत, दोन शिक्षिका, एक औषधांचं दुकान चालवणारा, बाकी विद्यार्थी. राज्यशास्त्रातली पदवी कोणाकडेच नाही. या बैठकांमधून जे खरोखर उपयोगी पडलं, ते नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी लिहितो आहे.

आधी प्रश्न, मग पुस्तक

कालक्रमाने वाचायला जाऊ नका. या पुस्तकांतली बहुतेक पुस्तकं कोणाला तरी दिलेली उत्तरं आहेत आणि प्रश्न माहीत नसेल तर उत्तर कंटाळवाणं वाटणारच. म्हणून एक प्रश्न निवडा, तोही तुमच्या आयुष्यातला. सरकारचं मी का ऐकायचं? एखाद्याचं बोलणं बहुसंख्यांना खटकतं, म्हणून त्याला गप्प बसवता येईल का? हे शेत, हे घर, हा पगार ‘माझा’ आहे, म्हणजे नेमकं काय? यातला कोणताही एक धरला की अर्धं कपाट आपोआप तुमच्या वाटेवर येतं.

खाली मी मालकीचा प्रश्न धरून चाललो आहे, कारण आमच्याकडे तोच सगळ्यात जास्त रंगला. पण त्याआधी हात बसायला एक छोटं पुस्तक लागतं.

पहिलं वाचन: ‘क्रीटो’

प्लेटोचा हा संवाद वीस-पंचवीस पानांचा आहे. साल इसवी सनपूर्व ३९९. सॉक्रेटिसला मृत्युदंड झालेला आहे. पहाटेच्या अंधारात त्याचा जुना मित्र क्रीटो तुरुंगात येऊन बसला आहे. सॉक्रेटिस शांत झोपलेला दिसतो, म्हणून क्रीटोने त्याला उठवलेलं नाही. सॉक्रेटिसला जाग आल्यावर क्रीटो सांगतो: पहारेकऱ्याची सोय केली आहे, पैसे तयार आहेत, थेसलीत माझी माणसं आहेत, चल. तुझ्या मुलांचं काय? आणि आम्ही तुला वाचवलं नाही तर लोक काय म्हणतील?

सॉक्रेटिस नाही म्हणतो. अथेन्सचे कायदेच समोर येऊन उभे आहेत असं कल्पून तो त्यांच्या तोंडून बोलतो: सत्तर वर्षं तू इथे राहिलास, वाढलास, मुलं वाढवलीस. आम्ही पसंत नव्हतो तर निघून जायला मोकळा होतास. आता एक निकाल विरोधात गेला म्हणून आम्हाला मोडणार?

हे एका बैठकीत वाचून होतं. त्यानंतर लगेच ‘अपॉलॉजी’ घ्या, म्हणजे त्याच खटल्यातलं सॉक्रेटिसचं भाषण. तिथे तो न्यायसभेला तोंडावर सांगतो की तत्त्वचिंतन सोडायच्या अटीवर मला मोकळं करणार असाल, तर मी तुमची आज्ञा मानणार नाही. म्हणजे एकीकडे कायदा मोडायचा नाही आणि दुसरीकडे आज्ञा मानायची नाही. हे दोन्ही एकाच माणसाचं म्हणणं कसं असू शकतं? या एका विसंगतीवर आमच्या दोन बैठका गेल्या. हा खेळ आवडला तर अमेरिकन लेखक थोरोचा १८४९ सालचा ‘सिव्हिल डिसओबीडियन्स’ हा निबंध जोडीला घ्या. गुलामगिरी टिकवणाऱ्या आणि मेक्सिकोवर चालून जाणाऱ्या सरकारला कर देणार नाही म्हणून तो १८४६ च्या जुलैमध्ये एक रात्र कोठडीत राहिला होता. गांधीजींनीही ‘अपॉलॉजी’चा सारांश १९०८ साली गुजरातीत ‘इंडियन ओपिनियन’मध्ये छापला होता.

आता मुख्य वाट: ‘हे माझं’ म्हणजे काय?

जॉन लॉकचं ‘सेकंड ट्रीटिज’ १६८९ साली निनावी प्रसिद्ध झालं. अख्खं पुस्तक एकदम घेऊ नका. पाचवं प्रकरण उघडा, मालमत्तेवरचं. लॉकचा युक्तिवाद असा: पृथ्वी देवाने सगळ्यांना मिळून दिली आहे. पण माझं शरीर माझं आहे, म्हणून माझे श्रमही माझे. मग ओकच्या झाडाखाली पडलेली फळं मी वेचली किंवा पडीक जमीन मी नांगरली, की त्या वस्तूत माझे श्रम मिसळले आणि ती माझी झाली. अट एवढीच, की इतरांसाठी तितकंच आणि तसंच शिल्लक राहायला हवं, आणि घेतलेलं सडवायचं नाही.

हे वाचून झाल्यावर आमचे तलाठी आजोबा म्हणाले, “हे तर ‘कसेल त्याची जमीन’ झालं.” मग त्यांनी कूळ कायद्याचं सगळं उलगडून सांगितलं. १ एप्रिल १९५७ हा ‘कृषक दिन’ कसा ठरला, त्या तारखेला जमीन कसणारं कूळ कायद्याने मालक कसं मानलं गेलं, आणि सातबाऱ्याच्या कूळ रकान्यातल्या एका नावावर घरं कशी उभी राहिली किंवा उठली. लॉक आमच्या खोलीत आला तो तेव्हा.

पण त्याच प्रकरणात, अठ्ठाविसाव्या परिच्छेदात, एक वाक्य आहे. त्यावर बोट ठेवून थांबा. लॉक म्हणतो, माझ्या घोड्याने खाल्लेलं गवत, माझ्या गड्याने कापून काढलेले मातीचे थर आणि मी स्वतः खणून काढलेलं खनिज, हे सगळं माझं होतं. आमच्यातल्या एका विद्यार्थिनीने तिथेच विचारलं, “श्रम गड्याचे, मग माल मालकाचा कसा?” अठ्ठाविसाव्या परिच्छेदात तरी याचं उत्तर नाही. वाचणारा अडखळतो तिथेच या पुस्तकांचं खरं वाचन सुरू होतं. असा एक जरी खडा सापडला तरी ते प्रकरण सार्थकी लागलं समजा.

आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. या प्रकरणात अमेरिका पुन्हा पुन्हा येते. तिथली जमीन पडीक आहे, कोणी कसत नाही, असं गृहीत धरलेलं आहे. तिथे माणसं राहत होती, शिकार करत होती, पिकंही काढत होती. कॅरोलिना वसाहतीच्या मालकमंडळाचा सचिव म्हणून लॉकने काम केलं होतं. हे कळल्यावर ते प्रकरण पुन्हा वाचलं की वेगळं दिसतं.

त्याच प्रश्नाचं आपल्याकडचं एक पान

लॉकनंतर आम्ही रामचंद्रपंत अमात्यांचं ‘आज्ञापत्र’ घेतलं, म्हणजे मराठी राज्याच्या कारभारावरचं पुस्तक. १७१५ च्या सुमाराचं, म्हणजे लॉकच्या पुस्तकानंतर पाव शतकाने लिहिलेलं. दोघांचा एकमेकांशी संबंध नाही. पण आरमाराचं प्रकरण वाचा. गलबतांना लाकूड लागतं. आंबा-फणसाचं लाकूडही आरमाराच्या कामाचं आहे. तरीही अमात्य सांगतात, त्या झाडांना हात लावू देऊ नये. ही झाडं वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती लेकरांसारखी वाढवलेली असतात, तोडली तर त्यांच्या दुःखाला पार राहणार नाही. एखादं झाड जीर्ण होऊन कामातून गेलंच असेल, तर धन्याला राजी करून, पैसे देऊन, त्याच्या संतोषाने तोडावं. जबरदस्ती अजिबात करू नये.

लॉककडे श्रमातून हक्क निघतो. अमात्यांकडे श्रमातून माया निघते आणि त्या मायेपुढे राज्याने स्वतःचा हात आवरायचा असतो. हा हक्क आहे की राजाची मेहरबानी? राजाने उद्या ऐकलं नाही तर रयत कोणाकडे जाणार? या प्रश्नासाठी मला ही जोडी फार मोलाची वाटते. ‘आज्ञापत्रा’ची भाषा जुनी आहे, पण मोठ्याने वाचली की सुटत जाते. इतिहासाचं साधन म्हणून ते पुष्कळ वाचलं गेलं आहे. राजकीय विचाराचं पुस्तक म्हणूनही ते वाचायला हवं, असं मला मनापासून वाटतं.

यानंतर रूसो. १७५५ च्या विषमतेवरच्या निबंधाचा दुसरा भाग उघडा. पहिल्यांदा ज्याने जमिनीला कुंपण घातलं, ‘हे माझं’ म्हटलं आणि त्यावर विश्वास ठेवणारी भोळी माणसं ज्याला भेटली, तोच नागरी समाजाचा खरा संस्थापक, असं तो सुरुवातीलाच म्हणतो. मग ‘कम्युनिस्ट जाहीरनामा’, १८४८. त्याचे पहिले दोन भाग पुरेत. खासगी मालमत्ता नष्ट करायला निघालात असा आरोप तुम्ही आमच्यावर करता, पण दहातल्या नऊ जणांच्या बाबतीत ती आधीच नष्ट झाली आहे, हे वाक्य दुसऱ्या भागात आहे.

मग जोतीराव फुल्यांचा ‘शेतकऱ्याचा असूड’. ‘विद्येविना मति गेली’ सगळ्यांना पाठ असतं, पण त्यापुढची पानं फार थोडे जण उलटतात. जोतीराव तिथे जंगलखात्याविषयी लिहितात: डोंगर, टेकड्या, पडीक जमिनी आणि गायरानंसुद्धा खात्याने घशात घातली आणि गरीब शेतकऱ्याच्या जनावरांना टेकायला जागा उरली नाही. लॉकच्या ‘पडीक’ या शब्दाला इतकं रोकडं उत्तर मला दुसरीकडे मिळालं नाही. पडीक कोणाच्या दृष्टीने? ज्याची शेळी तिथे चरते त्याच्या दृष्टीने ती पडीक नव्हती. आमच्या तलाठी आजोबांनी आयुष्यभर गायरानावरच्या अतिक्रमणांच्या नोंदी केल्या होत्या. त्या दिवशी ते बराच वेळ काही बोलले नाहीत.

या वाटेवरचा पुढचा मुक्काम म्हणजे डॉ. आंबेडकरांचं ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’, १९४७. शेती हा राज्याचा उद्योग असावा, जमीन राज्याच्या मालकीची राहावी आणि ती गावकऱ्यांना जात-पंथ न पाहता कसायला द्यावी, म्हणजे जमीनदार, कूळ आणि भूमिहीन मजूर हे भेदच उरणार नाहीत, असा प्रस्ताव त्यात कलमवार मांडला आहे. हे महाराष्ट्र शासनाने प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या इंग्रजी लेखन-भाषणांच्या पहिल्या खंडात आहे. त्याच खंडात ‘ॲनिहिलेशन ऑफ कास्ट’ही आहे, लाहोरच्या जातपाततोडक मंडळासाठी लिहिलेलं, मंडळाने अधिवेशनच रद्द केल्यामुळे न झालेलं आणि १९३६ साली बाबासाहेबांनी स्वतःच्या खर्चाने छापलेलं भाषण. गांधीजींचा आक्षेप आणि बाबासाहेबांचं उत्तर, हे दोन्ही वाचल्याशिवाय ते मिटू नका.

वही कशी ठेवावी

दोनशे पानी वही घ्या. डाव्या पानावर लेखकाचं म्हणणं तुमच्या शब्दांत लिहा, उजवं पान तुमच्या शंकांसाठी ठेवा. नियम एकच: डावं पान लेखकाने स्वतः वाचलं असतं तर ‘हो, हेच म्हणायचं होतं’ असं तो म्हणाला असता, अशी खात्री होईपर्यंत उजव्या पानावर काही लिहायचं नाही. न पटणाऱ्या लेखकाच्या बाबतीत हे फार जड जातं. पण माझ्या वाचनात सगळ्यात मोठा फरक याच एका सवयीने पडला. एका प्रकरणाला एक पान पुरतं. सारांशाची पुस्तकं आणि व्हिडिओ मूळ प्रकरण एकदा वाचल्यानंतरच पाहा. आधी पाहिलीत तर तो गड्याचा खडा तुम्हाला दिसणारच नाही.

भाषा आणि भाषांतरं

मराठी भाषांतर मिळालं तर जरूर घ्या, पण आधी दोन गोष्टी बघा: भाषांतरकाराचं नाव आहे का, आणि ते संपूर्ण आहे की संक्षिप्त. संक्षिप्त आवृत्तीत अठ्ठाविसावा परिच्छेद गाळलेला असू शकतो. शब्दांकडेही लक्ष ठेवा. आपला ‘अधिकार’ हा शब्द ‘साहेबांचे अधिकार’ आणि ‘माझा अधिकार’ अशा दोन्ही ठिकाणी चालतो. एकात सत्ता आहे, दुसऱ्यात हक्क. हॉब्ज किंवा लॉकच्या भाषांतरात हा शब्द आला की पेन्सिलने खूण करा आणि दोनांपैकी कोणता अर्थ आहे ते ठरवून पुढे जा.

जुन्या पुस्तकांची इंग्रजी भाषांतरं ‘प्रोजेक्ट गुटेनबर्ग’वर फुकट आहेत. सतराव्या शतकातलं इंग्रजी जड गेलं तर जोनाथन बेनेट या प्राध्यापकांनी सोप्या इंग्रजीत केलेल्या आवृत्त्या ‘अर्ली मॉडर्न टेक्स्ट्स’ या संकेतस्थळावर मिळतात. त्यात हॉब्ज, लॉक, रूसो हे सगळे आहेत. संज्ञा अडली की मराठी विश्वकोश उघडा.

दुसरे प्रश्न घेणाऱ्यांसाठी

‘मुळात राज्य हवंच कशाला’ हा प्रश्न असेल तर हॉब्जच्या ‘लेव्हायथन’चं (१६५१) तेरावं आणि सतरावं प्रकरण. जोडीला कौटिल्याच्या ‘अर्थशास्त्रा’तलं पहिलं अधिकरण, र. पं. कंगले यांच्या आवृत्तीत. मोठा मासा छोट्याला गिळतो म्हणून लोकांनी मनूला राजा केलं आणि धान्याचा सहावा भाग द्यायचं कबूल केलं, ही कथा त्यात येते. पण ती कौटिल्य स्वतःच्या तोंडाने सांगत नाही. गर्दीच्या ठिकाणी गुप्तहेरांनी आपसांत खोटा वाद घालून ती लोकांच्या कानावर घालावी, असं तो सांगतो. म्हणजे राज्याच्या समर्थनाची गोष्ट आणि ती पसरवायची युक्ती एकाच पानावर आहे.

मॅकियाव्हेलीचं ‘प्रिन्स’ हाती घेण्याआधी त्याचं १० डिसेंबर १५१३ चं पत्र वाचा. नोकरी गेलेली, तुरुंगात छळ सोसलेला हा माणूस खेड्यात दिवसभर लाकूडतोड्यांशी भांडतो, खानावळीत पत्ते खेळतो आणि संध्याकाळी चिखलाचे कपडे उतरवून दरबारी पोशाख चढवतो आणि चार तास प्राचीन लेखकांशी बोलत बसतो. त्या पत्रानंतर ‘प्रिन्स’मधला थंड आवाज वेगळा ऐकू येतो.

अभिव्यक्तीचा प्रश्न असेल तर मिलच्या ‘ऑन लिबर्टी’चं (१८५९) दुसरं प्रकरण. मात्र पहिलंही वाचा, कारण ‘रानटी’ लोकांवर सुधारणेसाठी हुकूमशाही चालते, असं त्यात लिहिलं आहे आणि लिहिणारा पस्तीस वर्षं ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडन कचेरीत नोकरीला होता. आणि मग २५ नोव्हेंबर १९४९ चं डॉ. आंबेडकरांचं संविधान सभेतलं भाषण. कितीही थोर माणूस असला तरी आपलं स्वातंत्र्य त्याच्या पायाशी वाहू नये, हा मिलचाच इशारा बाबासाहेब तिथे नव्या प्रजासत्ताकाला देतात. ज्या लेखकाने आपल्याला लायक धरलं नव्हतं, त्याच्याच वाक्याचा आपल्या लोकशाहीच्या रक्षणासाठी केलेला तो वापर वाचताना दरवेळी अंगावर काटा येतो.

स्त्रियांच्या हक्कांपासून सुरुवात करायची असेल तर मेरी वुलस्टनक्राफ्टचं ‘अ व्हिंडिकेशन ऑफ द राइट्स ऑफ वुमन’ (१७९२) आणि ताराबाई शिंदे यांची ‘स्त्रीपुरुष तुलना’ (१८८२). ताराबाई आधी घेतल्या तरी चालेल, मी तसंच केलं.

आणि ‘रिपब्लिक’? वर्षभर वाचून झाल्यावर. त्यातही पहिला, दुसरा आणि सातवा भाग. न्याय म्हणजे बलवानाचं हित, असं गरजणारा थ्रासिमाकस पहिल्यात भेटतो, अदृश्य करणारी अंगठी दुसऱ्यात, गुहा सातव्यात.

आधुनिकांपर्यंत

जॉन रॉल्सचं ‘अ थिअरी ऑफ जस्टिस’ (१९७१) सहाशे पानांच्या घरात जातं. तिसरं, चौथं, अकरावं आणि चोविसावं कलम वाचा, पाया कळतो. आपण कोण असणार हे ठाऊक नसताना समाजाचे नियम ठरवा, असं तो सांगतो. आम्ही ते असं करून पाहिलं: तुम्ही ऊसतोड कामगाराच्या कोपीत जन्माला याल की साखर कारखान्याच्या अध्यक्षाच्या घरी, माहीत नाही. आता उचल, मजुरी, शाळा यांचे नियम लिहा. अर्ध्या तासात खोलीतल्या प्रत्येकाचा कागद बदलला होता.

रॉल्सला त्याच्याच विभागातल्या नोझिकने १९७४ मध्ये उत्तर दिलं. त्याच्या ‘अ‍ॅनार्की, स्टेट अँड युटोपिया’ या पुस्तकाचं सातवं प्रकरण घ्या. गंमत म्हणजे तिथे तो लॉकलाही चिमटा काढतो: माझा टोमॅटोच्या रसाचा डबा मी समुद्रात ओतला, तर समुद्र माझा झाला की माझा रस वाया गेला? आणि २००९ च्या अमर्त्य सेन यांच्या ‘द आयडिया ऑफ जस्टिस’मध्ये सुरुवातीलाच तीन मुलं एका बासरीवर हक्क सांगतात. एकीला ती वाजवता येते, एकाकडे दुसरं एकही खेळणं नाही, तिसरीने ती स्वतः महिनोन् महिने खपून घडवली आहे. तिसरीचा दावा ओळखीचा वाटेल. तो लॉकचाच आहे.

तिथवर आलात की लॉकचं पाचवं प्रकरण पुन्हा काढा. पहिल्या वेळी निळ्या पेनाने खुणा केल्या असतील, तर या वेळी लाल घ्या, आणि अठ्ठाविसाव्या परिच्छेदापासून सुरुवात करा.